लग्नाला आपलीच माणसे आली नाहीत तर?

लग्नसराई जवळ आली की आपल्या वस्त्यावस्त्यांत पत्रिकांची धावपळ सुरू होते. कोणाला घरी जाऊन पत्रिका द्यायची, कोणाला फोनवर सांगून भागेल, कोणाला मोबाईलवर पाठवली तरी चालेल, यावर घराघरांत चर्चा झडतात. कोण येणार याचा हिशेब सगळेच मांडतात. कोण येणार नाही याचा हिशेब कोणी मांडत नाही. आणि लग्न पार पडल्यावर नवरा-नवरीच्या मनात नेमकी तीच माणसे राहून जातात, जी आली नाहीत. पाचशे माणसे जेवून गेली हे विसरले जाते, सख्खा भाऊ आला नाही हे विसरत नाही. लग्नाला दहा-दहा वर्षे झालेली, मुले शाळेत जाऊ लागलेली जोडपी आम्ही पाहिली आहेत. लग्नाचा अल्बम उघडला की त्यांचा आवाज आजही जड होतो.

या दुःखाबद्दल आपल्याकडे फारसे कोणी बोलत नाही. लग्न हा आनंदाचा विषय, त्यात रडगाणे कशाला, असे म्हणून ते झाकून ठेवले जाते. म्हणून आज आम्ही त्यावर लिहीत आहोत.

सर्वप्रथम हे मान्य केले पाहिजे की हे दुःख खरे आहे. ‘आले ते आपले, नाही आले ते गेले उडत’ हे म्हणायला सोपे आहे, पण असे म्हणणाराही रात्री कूस बदलत राहतो. तथागतांनी सारनाथला पाच भिक्खूंना पहिला उपदेश केला, तेव्हा दुःख म्हणजे काय हे सांगताना प्रियजनांचा वियोग आणि हवे ते न मिळणे, या दोन्ही गोष्टी त्यात सांगितल्या. लग्नाच्या दिवशी आई येत नाही, तेव्हा मुलीला ही दोन्ही दुःखे एकदमच भेटतात. अशा मुलीला ‘आजच्या दिवशी रडू नको, अपशकुन होतो’ असे सांगणे हे अडाणीपणाचे आहे. तिला रडू द्यावे. दुःख आहे हे आधी मान्य करायचे आणि मग त्याचे कारण शोधायचे, हीच धम्माची रीत आहे.

तेव्हा कारणे पाहू. आपण रागाच्या भरात सगळ्या गैरहजर माणसांना एकाच माळेत ओवतो. ‘आमच्या लग्नाला आला नाही’ एवढा एकच शिक्का मारून मोकळे होतो. पण न येण्याची कारणे एक नसतात.

कित्येक माणसे गरिबीमुळे येत नाहीत. आत्या लग्नाला आली नाही याचा राग धरणाऱ्यांनी स्वतःला विचारावे, की आत्याकडे आहेराच्या साडीला, एस. टी.च्या भाड्याला आणि बुडालेल्या रोजाला पैसे होते काय? रिकाम्या हाताने भाचीच्या लग्नाला कसे जायचे, या लाजेने घरात बसलेल्या बाया आपल्याच समाजात आहेत. मराठवाड्यातली जी कुटुंबे दिवाळीच्या सुमारास कोयता घेऊन कारखान्यावर जातात, ती मार्च-एप्रिलशिवाय गावी परतत नाहीत. अंगावर उचल असते, खाडा केला तर मुकादम पैसे कापतो. अशा मामाने फेब्रुवारीतल्या लग्नाला येऊ नये यात त्याचे प्रेम कमी पडलेले नसते, त्याचे हात बांधलेले असतात. अशा माणसावर रुसणे म्हणजे त्याच्या गरिबीवर रुसणे होय.

काही बाया रूढीमुळे येत नाहीत. नवरा वारलेली आई, मावशी, काकू ‘माझी सावली नको’ म्हणून स्वतःच मागे राहते, किंवा तिला मागे ठेवले जाते. लेकराला जिने जन्म दिला, एकटीने वाढवले, तिनेच मंडपाच्या मागे भांडी मोजत बसायचे, ही कसली रीत? कोल्हापूर जिल्ह्यातील हेरवाड ग्रामपंचायतीने मे २०२२ मध्ये विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला, तेव्हा त्याची चर्चा राज्यभर झाली. बौद्ध विवाहविधीत तर सवाष्ण आणि विधवा असा भेदच नाही. मग जिथे आई स्वतःहून मागे राहते, तिथे मुलाने किंवा मुलीने तिचा हात धरून तिला पुढे आणून बसवावे. ही गैरहजेरी दूर करणे सर्वस्वी आपल्या हातात आहे.

काही माणसे मानपानासाठी येत नाहीत. पत्रिकेत नाव खाली छापले, चुलत्याला आधी विचारले नाही, पाच वर्षांपूर्वीच्या बांधाच्या भांडणात बोलणे तुटले, अशी ती कारणे. ती आज ना उद्या निवळतात. एखादे बारसे, एखादे आजारपण, एखादी मयत, आणि माणसे पुन्हा एका चटईवर बसतात. त्यावर जास्त शाई खर्च करण्याचे कारण नाही.

खरा प्रश्न आहे तो जातीमुळे न येणाऱ्यांचा. मुलगा किंवा मुलगी जातीबाहेर लग्न करते आणि आई-बाप, भाऊ-बहीण, मामा-मावशी असे सगळे गोत एका दिवसात पाठ फिरवते. काल ज्या घरात ती लाडकी होती, त्या घराच्या लेखी ती मेलेली असते. बाबासाहेबांनी १९३६ साली ‘अ‍ॅनिहिलेशन ऑफ कास्ट’मध्ये जात मोडण्याचा खरा उपाय म्हणून आंतरजातीय विवाहाकडे बोट दाखवले. ही उपाययोजना कागदावर सोपी दिसते. प्रत्यक्षात तिची किंमत वीस-पंचवीस वर्षांची दोन लेकरे लग्नाच्या दिवशी मोजत असतात. मंडपात एका बाजूला माणसे असतात आणि दुसरी बाजू मोकळी असते. ती मोकळी बाजू म्हणजे जातीव्यवस्थाच त्या मंडपात येऊन बसलेली असते.

ज्या भाषणातून बाबासाहेबांनी हा उपाय सांगितला, त्याचे काय झाले हेही लक्षात ठेवण्यासारखे आहे. लाहोरच्या जात-पात तोडक मंडळाने बाबासाहेबांना अध्यक्ष म्हणून बोलावले, भाषणातील विचार पेलवेनात म्हणून ते बदलण्याचा आग्रह धरला आणि अखेर परिषदच गुंडाळली. बोलावणाऱ्यांनीच पाठ फिरवली. बाबासाहेबांनी एक स्वल्पविरामही बदलणार नाही अशी भूमिका घेतली आणि भाषण स्वखर्चाने छापून लोकांपुढे ठेवले. सभा झाली नाही, पण तो विचार आज जगभर वाचला जातो. यजमान आले नाहीत म्हणून कार्य थांबत नाही, हा त्यातला धडा आहे.

आपल्या परंपरेतली लग्ने तरी कशी झाली? २४ सप्टेंबर १८७३ रोजी जोतीराव फुल्यांनी सत्यशोधक समाज स्थापन केला आणि त्याच वर्षी २५ डिसेंबरला पहिला सत्यशोधक विवाह लागला. भटजीशिवाय लग्न लावायचे म्हणजे त्या काळी सगळ्या गावगाड्याशी वैर घेणे होते. सावित्रीबाई पुढे झाल्या आणि ते लग्न लागले. त्या मंडपात कोण आले नाही, हे आज कोणाला आठवते? कोण उभे राहिले, एवढेच इतिहासाने लिहून ठेवले.

रमाईंचे लग्न भायखळ्याच्या बाजारात, बाजार उठल्यावर, रात्री लागले. त्या मंडपात रमाईंचे आई-वडील नव्हते, ते आधीच वारले होते. भीमरावांची आईही त्यांच्या लहानपणीच गेली होती. ज्या जोडप्याला आज कोट्यवधी लोक आई-बाप मानतात, त्यांच्या लग्नात अशी मोठी माणसे नव्हती. पुढे १५ एप्रिल १९४८ रोजी बाबासाहेबांनी डॉ. शारदा कबीर यांच्याशी दिल्लीतील आपल्या निवासस्थानी नोंदणी पद्धतीने विवाह केला. तोही मोजक्या माणसांत झाला आणि त्याबद्दल आपल्याच लोकांत नाराजीचे सूर निघाले. पण आजारी बाबासाहेबांची सोबत करणारे माणूस त्याच विवाहातून त्यांना मिळाले.

शाहू महाराजांची गोष्ट आणखी वेगळी. मराठा-धनगर विवाह घडवून आणावेत, असा महाराजांचा ध्यास होता. त्यातूनच कागलच्या घाटगे घराण्यातील मुलगी आणि इंदूरचे होळकर यांचा संबंध त्यांनी जुळवला. ६ मे १९२२ रोजी महाराज गेले आणि ते लग्न १९२४ साली लागले. ज्यांनी ते जुळवले त्यांनाच त्याच्या अक्षता टाकता आल्या नाहीत. काही माणसे येत नाहीत, कारण ती आता नसतात. किसा गोतमीला तथागतांनी ज्या घरात कोणी मेले नाही अशा घरातून मोहरी आणायला सांगितली, तेव्हा तिला असे एकही घर सापडले नाही. ज्या लग्नात एकही माणूस कमी नव्हता असे लग्न शोधायला निघालो, तर आपणही रिकाम्या हातानेच परतू.

आता कायद्याकडे वळू. कारण पुष्कळ मुला-मुलींच्या मनात अशी भीती असते की आई-बाप आले नाहीत तर लग्न कच्चे राहील. असे काहीही नाही. वर २१ वर्षांचा आणि वधू १८ वर्षांची पूर्ण असेल, तर १९५४ च्या विशेष विवाह कायद्यानुसार विवाह अधिकाऱ्याला नोटीस द्यावी लागते, ३० दिवसांची मुदत असते आणि लग्नाच्या वेळी तीन साक्षीदार लागतात. साक्षीदार नातेवाईकच असले पाहिजेत अशी कायद्याची अट नाही. तीन मित्र पुरेसे आहेत. बौद्ध पद्धतीच्या विवाहातही कन्यादान नाही. मुलगी ही दान देण्याची वस्तू नाही, म्हणून दान देणारा बाप हजर नसला तरी विधीत काही उणे राहत नाही. तथागतांच्या आणि बाबासाहेबांच्या प्रतिमेला वंदन, त्रिशरण-पंचशील, वधू-वरांच्या प्रतिज्ञा आणि मंगल गाथा, एवढ्यावर विवाह पूर्ण होतो.

सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली लता सिंह प्रकरणात स्पष्ट सांगितले, की सज्ञान मुला-मुलीने जातीबाहेर लग्न केले आणि ते आई-बापांना पसंत नसले, तर ते फार तर संबंध तोडू शकतात. धमकी, मारहाण, छळ करण्याचा अधिकार त्यांना नाही. या निकालातले दोन्ही अर्धे भाग नीट समजून घेतले पाहिजेत. लग्नाला न येणे हा बापाचा अधिकार आहे. त्याला आपण कोर्टात खेचू शकत नाही आणि खेचूही नये. प्रेम समन्स बजावून मिळत नसते. पण ज्या क्षणी न येणे संपते आणि अडवणे सुरू होते, त्या क्षणी तो गुन्हा होतो.

दुसरीही एक सीमारेषा आहे. मामा स्वतः आला नाही, तर ती त्याची मर्जी. पण जातपंचायतीने ‘त्या लग्नाला जो जाईल त्याला दंड’ असे फर्मान काढले आणि भीतीपोटी मामा आला नाही, तर तो अपराधी मामा नव्हे, पंचायत आहे. महाराष्ट्राने यासाठीच सामाजिक बहिष्कारापासून संरक्षण देणारा कायदा २०१६ मध्ये मंजूर केला आणि तो जुलै २०१७ पासून अमलात आला. बहिष्कार टाकणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. आपल्यावर रुसलेला नातेवाईक प्रत्यक्षात पंचांच्या धाकाखाली तर नाही ना, हे तपासून पाहावे. अशी कितीतरी माणसे मनातून आलेली असतात, पायाने येऊ शकत नाहीत.

मग करायचे काय? आमच्या अनुभवातून आणि पाहण्यातून काही गोष्टी सांगाव्याशा वाटतात.

बोलावणे आपल्याकडून अपुरे राहू देऊ नये. दुसऱ्याकडून निरोप धाडून ‘सांगितले होते की’ म्हणण्यापेक्षा स्वतः जावे, दोन्ही हातांनी पत्रिका द्यावी, मन मोकळे करून बोलावे. नाही म्हणाले तर आणखी एकदा जावे. पण त्यापुढे पायधरणी नको. ‘तो जातीचे नाव सांगणार नसेल तर येतो’, ‘बाबासाहेबांचा फोटो मंडपात नसेल तर येतो’, ‘विधी आमच्या भटजीने केला तर येतो’, अशा अटी कोणी घातल्या तर नम्रपणे सांगावे की तुम्ही आलात तर आनंद आहे, पण स्वाभिमान गहाण टाकून आम्हाला पाहुणे नकोत. अट घालून आलेला माणूस लग्नाला येत नाही, तो तुमची शरणागती पाहायला येतो.

जिथे जिवाला धोका आहे, तिथे मात्र मनधरणीच्या फंदात पडू नये. १ जानेवारी २०१३ रोजी नगर जिल्ह्यातील सोनईत प्रेमप्रकरणावरून आपल्या तीन तरुणांचे खून झाले, ते विसरता येत नाही. ‘घरी ये, आम्ही थाटात लग्न लावून देतो’ असा गोड निरोप अचानक आला, तर आधी विश्वासू माणसांशी बोलावे, एकटे जाऊ नये. पोलिसांकडे संरक्षण मागण्यात कमीपणा नाही. २०१८ साली सर्वोच्च न्यायालयाने शक्ती वाहिनी प्रकरणात अशा जोडप्यांच्या संरक्षणासाठी पोलिसांना आणि राज्यांना निर्देश दिलेले आहेत. आई-बाप लग्नाला असावेत ही इच्छा मोठी आहे, पण ती जिवापेक्षा मोठी नाही.

लग्नाच्या दिवशी दाराकडे डोळे लावून बसू नये. विधीची वेळ ठरली असेल त्या वेळी विधी सुरू करावा. दोन तास वाट पाहण्याने न येणारा येत नाही, आलेली माणसे मात्र ताटकळतात आणि आपला अपमान झाला असे त्यांना वाटते. जी आली आहेत ती कोणाचे तरी काम बुडवून आली आहेत, याची जाणीव ठेवावी. आईच्या जागी एखादी शेजारीण, शाळेतल्या बाई, विहारातली आजी यांना आधीच विनंती करून ठेवावी, की आज माझ्याजवळ उभ्या राहा. आईची जागा त्या घेऊ शकत नाहीत, पण मुलीला एकटे उभे राहावे लागत नाही. २०२० च्या टाळेबंदीत लग्नाला ५० माणसांची मर्यादा आली आणि एप्रिल २०२१ मध्ये ती २५ वर आली. त्या दोन वर्षांत लागलेली लग्ने आज काही कमी पक्की आहेत काय? माणसांच्या संख्येवर संसार चालत नसतो.

सर्वांत महत्त्वाचे सांगणे नवऱ्याला आणि सासरला आहे. लग्नाला जिच्या माहेरचे कोणी आले नाही, तिला पुढे भांडणात ‘तुझ्या बाजूचे तर कुत्रेही आले नव्हते’ असे ऐकवणारी घरे आहेत. याच्यासारखी दुष्ट गोष्ट दुसरी नाही. जिने तुमच्यासाठी माहेर सोडले नव्हे, जिचे माहेर तुमच्यासाठी तुटले, तिच्या त्या जखमेवर मीठ चोळणारा माणूस आंतरजातीय विवाहाचा सत्कार घ्यायला लायक नाही. शासन महाराष्ट्रात आंतरजातीय जोडप्यांना ५० हजार रुपयांचे अर्थसाहाय्य देते, ती चांगलीच गोष्ट आहे. पण रात्री माहेरची आठवण आली तर कोणाच्या खांद्यावर डोके ठेवायचे, याची तरतूद कोणत्याही योजनेत नसते. ती घरानेच करायची असते.

आणि लग्नानंतर? सूडाचे गणित मांडू नये. ‘ते माझ्या लग्नाला आले नाहीत, मी त्यांच्या मयतीलाही जाणार नाही’ ही भाषा आपली नाही. वर्षातून एकदा पत्र, एखादा फोन, लेकराचा एक फोटो एवढे पाठवत राहावे. उत्तर आले तर ठीक, नाही आले तरी ठीक. आजी झाल्यावर कित्येक आयांचे मन विरघळते. विरघळले नाही, तरी आपल्या बाजूने दार उघडे होते याचे समाधान आपल्याजवळ राहते. मैत्री भावना ती हीच. दार उघडे ठेवायचे म्हणजे उंबऱ्यावर बसून वाट पाहत जन्म काढायचा असे नव्हे. आपण आपल्या कामाला लागायचे.

आता थोडे आपल्या समाजाकडेही पाहू. सवर्ण नातेवाईक आले नाहीत म्हणून आपण बोटे मोडतो. पण आपला मुलगा उच्च म्हणवणाऱ्या जातीतली सून घेऊन आला तर मिरवणारी काही माणसे, आपली मुलगी मातंग किंवा चर्मकार घरात गेली तर लग्नाला का फिरकत नाहीत? पोटजातीचा काटा आपल्याही पायात आहे. कोणी हळद लावली म्हणून बौद्ध भावकी रुसून बसते, कोणी हळद लावली नाही म्हणून जुनी मंडळी रुसून बसतात. बावीस प्रतिज्ञांशी तडजोड करा असे आम्ही म्हणत नाही. चुकीच्या रूढीबद्दल लग्नाआधी घरी बसून समजावून सांगावे, आवश्यक तर स्पष्ट बोलावे. पण लेकरावर बहिष्कार टाकणे ही जातपंचायतीची रीत आहे. तिच्याविरुद्ध लढणाऱ्यांनी तिचेच हत्यार उचलू नये.

म्हणून आमचे समाजबांधवांना आणि भगिनींना एकच सांगणे आहे. ज्या लग्नाला हजार माणसे येणार आहेत, तिथे तुम्ही गेला नाहीत तरी कोणाचे अडत नाही. ज्या लग्नाला एका बाजूने कोणीच येणार नाही असे कानावर येईल, तिथे मात्र घरातल्या सगळ्यांनी जावे. विहार समित्यांनी, महिला मंडळांनी, युवक संघटनांनी अशा लग्नांची जबाबदारी घ्यावी. नोंदणी कार्यालयात साक्षीदार म्हणून सही करायला पुढे यावे, मुलीची पाठराखीण व्हावे, पहिल्या दिवाळीला तिला माहेरपणाला बोलवावे. नवी साडी देणे जमले नाही तर नुसते जेवायला बोलवावे. जातीने जी जागा रिकामी केली, ती समाजाने भरली पाहिजे. नाही तर आंतरजातीय विवाहावरची आपली भाषणे पोकळ आहेत.

आणि ज्यांच्या मंडपाची एक बाजू रिकामी राहिली त्या लेकरांनो, तुम्ही काही चोरी केलेली नाही. जे आले नाहीत त्यांच्यासाठी मनात जागा ठेवा, जे आले त्यांच्याशी नाते जोडा आणि तुमच्या मुलांच्या लग्नात, ती कोणाशीही होवोत, सर्वांत आधी तुम्ही हजर राहा.

जयभीम!